तिसऱ्या अंकातला नकार

लिफी नदीच्या पुलावर वाऱ्याने माझी टोपी उडवली आणि ती थेट एका माणसाच्या छातीवर जाऊन आदळली. पाऊस भुरभुरत होता. हा मात्र भिजत, हातवारे करत, स्वतःशीच बोलत चालला होता. टोपी उराशी धरून म्हणतो कसा, "तुझ्यावाचून हा जीव राहायचा नाही गं..."

"जीव राहू दे, आधी टोपी द्या!"

तो कानापर्यंत लाल झाला. "माफ करा... मी नाटक लिहितोय. हे नायकाचं वाक्य."

"मग नायिका काय म्हणते?"

"तेच तर सुचत नाहीये—"

"टोपी मागते म्हणावं!"

तो हसला... पावसातही ऊब वाटावी, असं.

टर्लो डिगनम त्याचं नाव. डब्लिनच्या एका नाटकमंडळीत नोकरांची, गमत्यांची कामं करायचा. मी कॉर्क शहरातून काम शोधत आलेली नटी. त्याच्या त्या पहिल्याच नाटकात नायिकेचं काम मला मिळालं.

हिवाळाभर तालमी चालल्या. त्याच्या नायकाच्या तोंडून प्रेम नुसतं वाहायचं. तो स्वतः मात्र... "मिस क्विर्क, तुमचा... तुमचा रुमाल पडलाय." बस, एवढंच. मी तो मुद्दामच पाडायचे!

मग मला लंडनच्या एका नाटकमंडळीचं बोलावणं आलं. मी त्याला सांगितलं.

"छान. जा," तो म्हणाला, आणि पाठ फिरवून मेणबत्त्यांची काजळी खरवडत बसला. विंगेत जाऊन मी डोळे पुसले.

पहिल्या प्रयोगाच्या दिवशी नायकाचा घसा बसला. संवाद पाठ असलेला दुसरा कोण? नाटककारच! सैलसर कोट चढवून टर्लो उभा राहिला.

तिसऱ्या अंकात त्याने गुडघा टेकला, माझा हात धरला... आणि स्वतःच लिहिलेलं सगळं विसरला. माझ्याकडे नुसता बघतच राहिला.

"बोल की रे बाबा!" खालून कुणी ओरडलं. "का आम्ही येऊ मागणी घालायला?"

प्रेक्षागृह खदखदून हसलं.

"सबीना..." तो पुटपुटला. नाटकात माझं नाव आराबेला होतं. "सबीना, जाऊ नकोस ना लंडनला. नाहीतर... मलाही ने. लग्न करशील माझ्याशी?"

लिहिल्याप्रमाणे इथे मला नकार द्यायचा होता. होकार थेट पाचव्या अंकात. आत्ता 'हो' म्हटलं, तर त्याचं पहिलं नाटक इथेच आटोपणार. आणि 'नाही' म्हणू? त्या डोळ्यांना?

मी दुसऱ्या हातातला पंखा उघडून दोघांच्या चेहऱ्यांपुढे धरला. "हो रे वेड्या... हो," मी कुजबुजले. मग पंखा फाडकन मिटून खणखणीत आवाजात म्हटलं, "लग्न? तुमच्याशी? मुळीच नाही!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. आणि हा गुडघ्यावरच, चेहराभर हसू घेऊन बसलेला! नकाराने इतका हरखलेला नायक डब्लिनने कधी पाहिला नव्हता.

"ऊठ ना," मी दातांआडून म्हटलं, "अजून दोन अंक राहिलेत."

तो उठला, मला लवून नमस्कार केला... आणि जवळजवळ नाचतच चुकीच्या दाराने आत गेला.