गुंडाळीतले तीन सरदार

"चोरी झाली आहे आणि चोर माझ्या नाटकात काम करतोय," असं प्राध्यापकबाईंनी फोनवर सांगितलं, तेव्हा भाच्याने नुकतंच चहात बिस्किट बुडवलं होतं. ते बुडालं ते वर आलंच नाही. दिवसाची सुरुवात अशी झाली आणि पुढेही त्यात सुधारणा झाली नाही.

भाचा म्हणजे बेचाळीस वर्षांचा, टक्कल पडलेला गृहस्थ. विमा कंपनीतली नोकरी सुटल्यापासून तो मावशीच्या हाताखाली होता. मावशी खासगी तपास करायची. तपास तिने करायचा आणि वैतागायचं त्याने, अशी चोख वाटणी होती.

बाईंच्या खोलीत सगळ्या खुर्च्यांवर पुस्तकं बसली होती, म्हणून माणसं उभी होती. बाईंच्या अंगावर राजाचा झगा, डोक्यावर पुठ्ठ्याचा मुकुट आणि डोळ्यांत पाणी.

"बारा वर्षं," त्या म्हणाल्या. "चारशे वर्षांपूर्वीची इंग्रजी नाटकं रंगमंचावर कशी उभी राहायची, यात बारा वर्षं घातली. तेव्हा नटाला सबंध नाटक देत नसत. फक्त कागदाची गुंडाळी. तिच्यावर त्याची स्वतःची वाक्यं, आणि प्रत्येकाच्या आधी दुसऱ्याच्या बोलण्यातले शेवटचे दोन-तीन शब्द. ते कानावर पडले की आपण बोलायचं. बाकी नाटकात काय चाललंय, देव जाणे."

"कचेरीसारखंच की," मावशी म्हणाली.

"आज पाच वाजता समिती येतेय. आमचा विभाग ठेवायचा की बंद करायचा, ते ठरवायला. एका निनावी नाटककाराचा प्रवेश भाषांतर करून मी नुसत्या गुंडाळ्यांवर बसवलाय. समितीला लिहून दिलंय, की सबंध संहिता माझ्याशिवाय कुणी पाहिलेली नाही. आणि तीच कपाटातून गेली! कुणी वाचली असेल तर प्रयोग खोटा, आणि मीही खोटी."

"कधी कळलं?"

"सकाळच्या तालमीनंतर. तालमीचा पार विचका झाला हो! मी राजा. रिकाम्या दरबारात माझं लांबलचक भाषण. शेवटी 'चला, निघू या' म्हटलं की तीन सरदारांनी तीन दारांतून आत यायचं. पण ते शब्द भाषणात आधीही दोनदा येतात. पहिल्यांदा म्हटलं, संहितेत लिहिलंय तशी पाच आकडे मोजेपर्यंत थांबले, तर दोघं धाडकन आत! त्यांना हाकललं, भाषण पुढे नेलं, तर दुसऱ्यांदाही तेच. तिसऱ्यांदा, खऱ्या वेळेला, दोघं जागचे हललेच नाहीत. एकटे आमचे हे तेवढे वेळेवर आले. म्हटलं, गुंडाळ्या उतरवताना माझंच चुकलं की काय, म्हणून कपाट उघडलं. संहिता नाही!"

"चला, निदान एकाने तरी काम नीट केलं," भाचा म्हणाला.

मावशीने त्याच्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं. मग विचारलं, "त्या आधीच्या दोन 'निघू या'नंतर राजा काय म्हणतो?"

"पहिल्यांदा म्हणतो, 'मागे व्हा! तुम्हांला बोलावलं कुणी?' दुसऱ्यांदा, 'पुन्हा? कान आहेत की कोनाडे?' दरबारात चिटपाखरू नाही, आणि हा ओरडतोय. वेडाची लक्षणं. त्या वेडावर माझा चाळीस पानांचा निबंध आहे."

"आणि कपाटाची किल्ली?"

"पर्समध्ये. पर्स इथे खुर्चीला. काल संध्याकाळी गुंडाळ्या न्यायला तिघंही येऊन गेले."

पहिला सरदार म्हणजे शेजारच्या खोलीतले प्राध्यापक. कुठल्याही गोष्टीवर शंका काढत, म्हणून विद्यार्थी त्यांना शंकासुर म्हणत.

"विभाग बंद झाला तर ही खोली मला मिळेल," ते आपण होऊनच म्हणाले. "तेव्हा संशय माझ्यावर. बरोबर?"

"अगदी."

"पण संहिता वाचली असती तर चुका टळून प्रयोग चांगला झाला असता! तो बुडताना जवळून बघता यावा म्हणून तर मी काम घेतलं."

"मग वेळेआधी आत का शिरलात?"

त्यांनी गुंडाळी उलगडली. वर लिहिलं होतं, 'चला, निघू या', आणि खाली त्यांचं एकच वाक्य. "शब्द आले, राजा गप्प झाला. न शिरून सांगतो कुणाला?"

दुसरे सरदार ग्रंथपाल. गुंडाळी तीच. "तिसऱ्यांदा का नाही गेलात?" या प्रश्नाने ते दुखावले. "दोनदा सगळ्यांदेखत हाकललं हो मला! तिसऱ्यांदा जायला मी काय लोचट आहे?"

तिसरे सरदार बाईंचे यजमान. छापखान्यात तीस वर्षं मुद्रितं तपासलेली. झग्यात ते पट्टी गिळल्यासारखे ताठ उभे होते. त्यांच्या हातून गुंडाळी निसटली, तर भाच्याला म्हणाले, "जरा उचलता का? पाठीत उसण भरलीय." गुंडाळी तीच.

"तुम्हीच तेवढे बरोबर आलात," मावशी म्हणाली.

"आवाजावरून कळतं हो. बायकोचं बोलणं संपलंय की नुसती दम खातेय, हे अठ्ठावीस वर्षांत समजायला लागतं."

"छापखान्यात कधी चूक राहिली तुमच्या हातून?"

"एकही नाही." मग हळूच म्हणाले, "एका चुकीसाठी लोक अख्ख्या पुस्तकाला हसतात, बाई."

चार वाजले. भाच्याचं डोकं उठलं होतं. तिघांची गुंडाळी सारखी, तिघांना किल्ली सारखीच जवळ. "मावशी, शंकासुरच. तोंडावरून कळतं."

"तोंडावरून धरायचं तर आधी तुला धरावं लागेल. बोलव सगळ्यांना."

सगळे पुस्तकांच्या मधून जमले.

"सकाळपासून चुकलं कोण, हे सगळे शोधताय," मावशी म्हणाली. "मी न चुकणारा शोधला. गुंडाळीवर लिहिलंय, 'चला, निघू या'. राजा तेच म्हणतो आणि पाच आकडे मोजेपर्यंत गप्प राहतो. ज्याच्या हाती फक्त गुंडाळी आहे, तो जाणारच. दोघं गेले. पुन्हा शब्द आले, पुन्हा गेले. तिसऱ्यांदा मार खाल्लेल्या मांजरासारखे बसून राहिले. हे सगळं शहाण्यासारखं झालं. पण एक माणूस दोनदा ढिम्म हलला नाही आणि तिसऱ्यांदा बेधडक आला. आवाजावरून म्हणाल, तर पहिल्या हाकेनंतर आवाज नव्हताच, होती ती शांतता, तीही बोलणं संपल्यासारखीच. तिसरी हाक खरी आहे, हे संहितेखेरीज कुठेही लिहिलेलं नाही. अहो, उसण बाहेर काढा."

यजमानांनी झग्यात हात घालून पाठीला बांधलेली संहिता काढली.

"वाचून लगेच ठेवणार होतो गं," ते बाईंना म्हणाले. "पण सकाळी तालमीआधी तू कपाटापासून हललीच नाहीस. सगळ्यांसमोर चुकलो असतो, तुला हसले असते..."

"अहो, काय केलंत हे!" बाईंनी मुकुट काढून टेबलावर आपटला. "संपला माझा विभाग!"

"थांबा," मावशी म्हणाली. "तुमचा राजा वेडा नाही. 'मागे व्हा, बोलावलं कुणी?' हे रिकाम्या दरबाराला नाही, आत घुसलेल्या सरदारांना आहे. नटांनी वेळेआधी घुसावं, राजाने हाकलावं आणि लोकांनी पोट धरून हसावं, म्हणून त्या बेट्या नाटककाराने तीच हाक तीनदा लिहिली. नटांना न सांगता."

बाई पुस्तकांच्या ढिगावर मटकन बसल्या.

"चाळीस पानं," त्या म्हणाल्या.

"छापून आली?"

"तीनदा."

शंकासुरांना पहिल्यांदाच कसली शंका आली नाही.

बाईंनी डोळे पुसले. "आता तिघांनाही युक्ती कळली. पाच वाजता काय दाखवू? आता सकाळची तालीमच त्या युक्तीचा पुरावा. ज्यांनी वाचलं नव्हतं ते घुसले, ज्यांनी वाचलं होतं ते थांबले. म्हणजे अहो, तुम्ही समितीसमोर उभं राहून सांगायचं, की मी कपाट उघडलं, मी वाचलं."

"सगळ्यांसमोर?"

"सगळ्यांसमोर."

यजमानांचा चेहरा असा झाला, की भाच्यालाही त्यांची दया आली.

पाच वाजता समिती बसली. बाईंनी आधी स्वतःचा निबंध खोडून काढला, मग सकाळची हकिगत सांगितली. यजमान उठले. झगा तसाच होता. दोनदा घसा खाकरला, तिसऱ्यांदा आवाज फुटला. सगळं सांगितलं, किल्लीसकट. मागच्या रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. त्यांचे कान लाल झाले, पण ते बसले नाहीत.

समितीच्या अध्यक्षांनी चष्मा वर केला. "तुम्ही संहिता वाचली नसती तर कितव्या हाकेला आला असतात?"

यजमानांनी बायकोकडे पाहिलं.

"पहिल्याच, साहेब. धावत."

अध्यक्षांनी पेनाचं टोपण काढलं आणि बाईंना म्हणाले, "हे पुढच्या वर्षी आम्हांला पूर्ण प्रयोगात बघायचंय."