दगडफुलाच्या एक हात वर

शर्टाच्या बटणाएवढं दगडफूल. कडेला फिकट हिरवं, मध्ये राखाडी. वर्षाला जेमतेम मिलिमीटरभर वाढणारं. ते मी इतक्या जवळून पाहत होते, कारण खाली पाहायची हिंमत नव्हती आणि माझा डावा गुडघा शिवणयंत्रासारखा थडथडत होता.

"शिवणकाम सुरू झालं वाटतं?" खालून आवाज आला.

माझ्या दोराचं दुसरं टोक त्याच्या कमरेला होतं. कडे चढायला शिकवणं हे त्याचं काम. आमची पहिली भेट इथलीच. प्रयोगशाळेसाठी मी दगडफुलांचे नमुने खरवडत होते आणि हा दोरावरून उतरला तो थेट माझ्या डब्यांवर. "वर याहून छान आहेत," तो ओशाळून म्हणाला होता, "पण चढावं लागेल... शिकवू?"

शिकले. मग एकदा चहा पिता पिता त्याने लग्नाचं विचारलं. मी म्हटलं, "सांगते." अजून सांगतेच आहे. पुढच्या आठवड्यात तो दूरच्या डोंगरातल्या गिर्यारोहण केंद्रावर रुजू होणार होता. आई तर वैतागलीच. "अगं, भोपळा घ्यायलाही तू चार दुकानं फिरतेस. भोपळा थांबतो गं, माणूस किती थांबेल?"

"माझा हात सुटेल!" मी ओरडले.

"सुटू दे, दोर आहे. आधी श्वास सोड... पूर्ण. आता समोर दिसतंय ते मोठ्याने सांग."

हा त्याचा नेहमीचा उपाय. मनाला दुसरं काम दिलं की भीती जरा सरकून बसते.

"दगडफूल. बारीक भेग. भेगेत मुंगी... ती मजेत आहे."

"तिला विचार, हो म्हणायला तिने किती दिवस लावले!"

"तू दोराकडे बघ!"

पण मला हसू आलं आणि गुडघा थांबला. पाय भेगेवर, हात वरच्या कडेवर, एक जोर... आणि मी माथ्यावर! तिथे खडकात ठोकलेल्या कडीत स्वतःला अडकवून मी पहिल्यांदाच खाली पाहिलं.

तो सपाट जमिनीवर उभा होता. आणि चक्क त्याचा गुडघा थडथडत होता.

"तुला काय झालं? तू तर खाली आहेस!"

"तू चढताना मला काही होत नाही," तो म्हणाला. "आता उतरशील, घरी जाशील, पुन्हा 'सांगते' म्हणशील—"

"श्वास सोड," मी म्हटलं. "पूर्ण. समोर काय दिसतंय?"

"कडा... लाल हेल्मेट. त्याखाली एक अतिशय सावकाश बाई."

"अजून?"

"नाकाला माती लागलीय तिच्या. आणि... हसतेय."

त्याचा गुडघा थांबला. मग मीही श्वास सोडला, पूर्ण, आणि सगळ्या दरीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं,

"दगडफुलं तिकडेही असतात. मी येतेय तुझ्याबरोबर. लग्न करू या!"