बाबांची दुपारची फेरी

ही गोष्ट खरी आहे. खोटी असती तर जरा नीट रचली असती.

भुताखेताच्या गोष्टी रात्री घडतात असा एक समज आहे. ही भर दुपारी घडली. कारण साधं आहे. बाबांची ड्यूटी दुपारची होती.

बाबा ट्रामचे ड्रायव्हर, खाकी कोटातले. ट्राम गोऱ्या साहेबांनी आणली. आधी घोडे ओढायचे, मग वीज आली. डेपोपासून पूल, पुलापासून बंदराचा धक्का. शहर त्या रुळांच्या कडेकडेनं वाढलं. मग गोरे साहेब गेले, आपले साहेब आले आणि त्यांच्या लक्षात आलं की रस्त्यात गर्दी होते ती ट्राममुळे. ट्राम बंद केली.

गर्दी अजून कमी व्हायची आहे.

वरची तांब्याची तार लगेच उतरली. कुठे गेली हे विचारायचं नसतं. रूळ मात्र उपटायला जड. म्हणून रस्ते खात्यानं त्यांच्यावर डांबर ओतलं आणि काम पूर्ण झाल्याचं जाहीर केलं.

बाबांचा मुलगा मोठा होऊन याच रस्ते खात्यात इंजिनिअर झाला. बाबा म्हणायचे, नोकरी ती नोकरी.

पुढे बाबा थकले. अंथरुणाला खिळले. मुलाचं नाव विसरले, सुनेचं विसरले. ट्राम तेवढी विसरले नाहीत.

रोज दुपारी जेवण झालं की पलंगावर उशीला टेकून बसायचे. डावा हात हँडलवर. हँडल म्हणजे त्यांची काठी. आणि गाडी सुटायची.

धक्का आला की हाक मारायचे, ‘सूनबाई, टोक बदला.’

ट्राम वळत नाही. तिला पुढचं मागचं नसतं. शेवटच्या थांब्यावर ड्रायव्हर हँडल काढून घेतो, चालत दुसऱ्या टोकाला जातो आणि तिथून गाडी परत हाकतो. म्हणून सून उशी उचलून पायथ्याशी ठेवायची आणि म्हाताऱ्याला धरून उलटं बसवायची. परत आले की पुन्हा उशी जागेवर.

डॉक्टर म्हणाले, ‘उत्तम. पाठीला जखमा होणार नाहीत.’

इथपर्यंत सगळं ठीक होतं. प्रत्येक घरात एखादा म्हातारा कुठे ना कुठे जातच असतो.

मग एके दिवशी सुनेनं आवाज ऐकला.

ठण... ठण...

ट्रामची घंटा ड्रायव्हर पायानं वाजवतो. बाबा टाच आपटत होते. पण टाच पडत होती कापसाच्या गादीवर.

‘शेजारी भांडी घासत असतील,’ इंजिनिअर म्हणाला.

‘शेजारी गावाला गेलेत.’

‘मग परत आले असतील.’

पुढच्या आठवड्यात पलंग दबायला लागला. बाबा काठी सोडायचे, म्हणजे थांबा आला. आणि गादीची कड हळूच खाली जायची... जणू कुणी टेकलं. पुढच्या थांब्यावर आणखी कुणी.

आणि पूल आला की भिंतीवरचं कॅलेंडर फडफडायचं.

खिडकी बंद असायची.

माणसाला कशाचीही सवय होते. संध्याकाळी इंजिनिअर बूट काढता काढता विचारायचा, ‘आज गर्दी होती?’ बायको सांगायची, ‘परतताना बरीच.’ घाबरायला दोघांनाही सवड नव्हती.

मग पुलाची दुरुस्ती निघाली. डांबर खरवडलं आणि खालून रूळ वर आले... चकचकीत. इतकी वर्षं गाडलेल्या लोखंडाला गंज हवा. मुकादम म्हणाला, ‘साहेब, हे रोज वापरात असल्यासारखे दिसतात.’

इंजिनिअरनं ते ऐकलं नाही. म्हणजे ऐकलं, पण उत्तर देणं कुणाच्या अखत्यारीत येतं हे त्याला ठरवता येईना.

‘उचलू का?’ मुकादमानं विचारलं. जेसीबी उभाच होता. दुपार होती.

इंजिनिअरनं मान डोलावली.

रूळ सुटताना किंचाळल्यासारखा आवाज झाला. लोखंडाचा होतो तसा. तरी इंजिनिअरनं घरी फोन लावला.

‘बाबा कुठे आहेत?’

‘आत्ताच पूल ओलांडून पलीकडे गेले,’ बायको म्हणाली. ‘का?’

त्यानं फोन ठेवला.

बाबा धक्क्यापर्यंत गेले. उशी बदलली. परत निघाले. आणि मध्येच त्यांचा हात थांबला. डोळे उघडे. श्वास चालू. पण हाकेला ओ नाही.

कॅलेंडर फडफडत राहिलं. संध्याकाळी फडफडत होतं. सकाळी उठून पाहिलं तरी फडफडत होतं.

डॉक्टरांनी डोळ्यांत बॅटरी मारली. ‘मेंदूचा झटका असावा,’ ते म्हणाले. ‘किंवा वय.’ जाताना कॅलेंडरकडे बघून म्हणाले, ‘पंखा बंद करा, सर्दी होईल.’

पंखा बंदच होता.

त्या दिवशी दुपारी गादीची कड उचलली गेली. एकदा. मग परत. मग पावलं... खोलीतून, स्वयंपाकघराजवळून, दारापर्यंत. तिथे थांबली. मागून दुसरी आली, तिसरी आली. वाटेत गाडी बंद पडली की लोक किती वेळ बसणार? उतरून चालू लागतात.

बायकोनं उठून दार उघडून धरलं. कुणी खोकलं. कुणी ‘काय ही व्यवस्था’ असं पुटपुटल्यासारखं वाटलं. बराच वेळ ती दार धरून उभी होती.

मग पावलं संपली.

पलंगावर एकटे बाबा. हात काठीवर.

‘सगळे उतरले,’ तिनं रात्री नवऱ्याला सांगितलं. ‘ते नाही उतरले.’

‘उतरणार नाहीत. ड्रायव्हर गाडी सोडत नाही. वरच्या साहेबानं सांगितल्याशिवाय नाहीच. मी लहान असताना बाबा एकदा पावसात दिवसभर गाडीतच बसून होते.’

‘मग आता वरचा साहेब कोण?’

त्यानं बाबांचं पांघरूण सारखं केलं.

‘अहो, पूल तुमच्याच खात्याचा ना?’

दुसऱ्या दिवशी दुपारी इंजिनिअर पुलाच्या पलीकडच्या टोकाला गेला. जिथे रूळ तुटून संपत होते तिथे उभा राहिला. डोक्यावर खात्याचं हेल्मेट. मजूर भाकरी सोडून बघायला लागले. ऑफिसात चौकशी झाली तर पाहणी करत होतो म्हणता येईल, असा हिशोब त्यानं आधीच करून ठेवला होता.

समोर काही नव्हतं. वारा मात्र होता... फक्त तेवढ्याच जागेत.

त्यानं घसा साफ केला. साहेबी आवाज लावला.

‘गाडी रद्द. उतरा.’

वारा पडला.

खिशात फोन वाजला. ‘कॅलेंडर थांबलं,’ बायको म्हणाली. ‘हात सुटला. काठी खाली पडली. डोळे मिटलेत... झोपलेत.’

कितीतरी दिवसांनी त्याला बरं वाटलं. घरी आला. बाबा शांत पडले होते. श्वास चालू होता.

बायकोनं त्याच्यासमोर पाणी ठेवलं.

‘काय सांगितलंत त्यांना?’

‘गाडी रद्द, उतरा.’

‘आणि?’

‘आणि काय?’

‘घरी चला म्हणालात ना?’

इंजिनिअरनं ग्लास उचलला. परत ठेवला. इतक्या वर्षांच्या नोकरीत त्यानं पुष्कळ गोष्टी रद्द केल्या होत्या. पुढची व्यवस्था नेहमी दुसरं खातं बघायचं.

तो तसाच उठून गेला. पुलाच्या टोकाला उभं राहून म्हणाला, ‘बाबा, घरी चला.’ पुन्हा म्हणाला. चिमणीसुद्धा हलली नाही. साहेबाचा हुकूम लगेच पोचला होता. मुलाचं बोलणं कुठे पोचलं, कळलं नाही.

बाबांनी डोळे उघडले नाहीत. काही दिवसांनी श्वासही थांबला. घरात कुणी फारसं रडलं नाही. जो माणूस घरी आलाच नव्हता तो जाणार कसा?

पूल पुन्हा सुरू झाला. छान झाला आहे. इंजिनिअर मात्र लांबच्या रस्त्यानं ऑफिसला जातो. कुणी विचारलं तर ट्रॅफिक असतो म्हणतो.

गेल्या महिन्यात, जेवणाच्या सुट्टीत, त्याला फोन आला. पुलापलीकडे खात्याचा वॉचमन असतो, त्याचा.

‘साहेब, एक आजोबा येतात इथे. रोज दुपारी. खाकी कोट घालतात. परतीची गाडी कधी सुटणार विचारतात. मी म्हटलं, आता ट्राम नाही आजोबा. तर म्हणतात, साहेबानं उतरवलंय, साहेबच सांगेल. काय सांगू त्यांना?’

इंजिनिअरसमोर डबा उघडा होता. हातातला घास त्यानं परत ठेवला. बायकोला फोन करावा असं वाटलं. आत्ता निघालो तर पोचू, असंही वाटलं.

‘हॅलो... साहेब?’

‘सांग,’ इंजिनिअर म्हणाला, ‘चौकशी चालू आहे.’

पलीकडे वॉचमननं कुणाला तरी तेच शब्द मोठ्यानं ऐकवले.

‘बरं साहेब,’ वॉचमन म्हणाला. ‘ते थांबतो म्हणाले.’