फळ्यावरचं अर्धं चरित्र

"ताई, तुम्ही कोणाकोणाला सांगितलंत?"

फोन कानाला लावला नाही तोच हा प्रश्न. फोरमनची मुलगी एरवी किती मऊ बोलायची. आज तिचा आवाज नुसता कापत होता.

"काय सांगितलं? कोणाला?"

"इकडे या आणि जिन्याखालचा फळा वाचा. बाबा सकाळी दूध आणायला उतरले आणि ते वाचून तसेच वर आले. दार लावून बसलेत, पोटात अन्नाचा कण नाही. एवढंच म्हणाले, त्या बाईला परत घरात घेऊ नकोस."

फोन बंद झाला. ती बाई म्हणजे चरित्रवाली. हे नाव लोकांनी दिलेलं, आणि तिला ते आवडायचं. ज्यांच्यावर कोणी चार ओळी लिहिणार नाही अशा माणसांची चरित्रं ती लिहायची. नर्स, लोहार, बसचा कंडक्टर, शाळेतला शिपाई, आणि सध्या मिलमधून निवृत्त झालेले हे फोरमन. समोर बसवायचं, बोलतं करायचं, रेकॉर्ड करायचं, मग लिहून घरच्यांपुरत्या पाच-सात प्रती छापायच्या. या धंद्यात भांडवल एकच, बंद तोंड. माणूस "छापा" म्हणेपर्यंत त्याचा शब्दही बाहेर जाता कामा नये. तोच गेला म्हटल्यावर उद्यापासून तिच्यासमोर कोण बसणार होतं?

ती अर्ध्या वाटेपर्यंत अक्षरशः धावतच गेली.

फळा जिन्याखाली, सगळ्या बिल्डिंगच्या नजरेसमोर. पाण्याची वेळ, लिफ्टची दुरुस्ती, रविवारी मिलच्या पेन्शनरांतर्फे फोरमनचा सत्कार. आणि या सगळ्याच्या खाली ठसठशीत अक्षरांत:

"गोदाम मोठ्या भावानं नाही जाळलं. फोरमननं जाळलं. खिडकीच्या कट्ट्यावर जळती विडी ठेवून गेला. नोकरी मात्र भावाची गेली. म्हणूनच सत्काराला जायचं नाही म्हणतो. कुठल्या तोंडानं जाईल?"

शब्द न् शब्द काल दुपारचा. विडी, कट्टा, सत्काराला न जाणं, सगळं फोरमन काल पहिल्यांदाच बोलले होते, आणि तेही फक्त तिच्यासमोर.

तिनं पुन्हा वाचलं. फळ्यापाशी डबा होता, त्यात पांढरे खडू. लिहिलेलं मात्र गुलाबीसर होतं, आणि रेघ कुठे जाड तर कुठे सुरीच्या धारेसारखी बारीक. आणखीही काहीतरी खटकत होतं. काय, ते मात्र हाती लागेना.

मुलीनं दार उघडलं, पण उंबऱ्यातच उभी राहिली.

"आत नका येऊ. बाबांनी सांगितलंय."

"नाही येत. फक्त काही विचारते. काल दुपारी तू कुठे होतीस?"

"स्वयंपाकघरात. म्हणजे आता संशय माझ्यावर?"

"सगळ्यांवर. माझ्यावरही. दाराशी आली होतीस का?"

"आले होते," ती वरमली. "खोटं कशाला बोलू? बाप आहे माझा, काय सांगतोय ते ऐकावंसं वाटलं. पण दार तुम्ही आतून लावलेलं आणि खाली रस्ता फोडत होते. त्या मशीननं कानाचे पडदे फाटायची वेळ आली. काही म्हणजे काही ऐकू आलं नाही."

ते खरंच होतं. त्या मशीनपायीच तिनं खोलीची खिडकी घट्ट लावून घेतली होती, आणि फोरमनना उजेड हवा म्हणून काचेला लागून बसवलं होतं.

"खिडकीबाहेर कोण होतं?"

"बाहेर कोण असणार, मधे चौक आहे. समोरच्या गॅलरीत आमच्या काकू होत्या, शिवण घेऊन. त्या रोजच असतात. पण त्यांच्या कानाशी बँड वाजवला तरी त्यांना पत्ता नसतो. आणि समोर चुलतभाऊ राहतो. तुमचं रेकॉर्डिंगचं मशीन त्यानंच नीट करून दिलं ना गेल्या आठवड्यात?"

चरित्रवालीच्या डोक्यात हेच घोळत होतं. चुलतभाऊ म्हणजे त्या मोठ्या भावाचा मुलगा. भाऊ नोकरी गेल्यावर वर्षभरात वारला होता. गोदाम जाळणाऱ्याचा पोरगा म्हणून हा लहानपणापासून ऐकत आला. रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान, म्हणजे हातात सगळी हत्यारं. असं कारण दुसऱ्या कोणाकडे होतं?

ती तडक समोरच्या बाजूला गेली. तो दुकानात जायच्या गडबडीत होता.

"या, वाटच बघत होतो. संशय माझ्यावर ना?"

"माझ्या मशीनमध्ये काही बसवलंस?"

"बटण बसवलं. तुम्हीच सांगितलेलं."

"फळा वाचून बरं वाटलं?"

"वाटलं. का वाटू नये? आयुष्यभर खाली मान घालून चाललो. पण ते मी लिहिलेलं नाही. मी लिहिलं असतं तर खाली सही ठोकली असती. काकांनी मला शिकवलं, दुकान काढून दिलं. मी भांडलो असतो तर त्यांच्या तोंडावर."

मागे टीव्हीवर कसलीशी मालिका चालू होती. आवाज पूर्ण बंद. समोर काकू, म्हणजे त्याची आई, मांडीवर कोणाची तरी पँट घेऊन टीप घालत बसल्या होत्या. मालिकेतली सासू काहीतरी बोलली आणि काकू नाकातल्या नाकात हसल्या.

"आवाज का बंद?"

"आईला आवाज कशाला? मिलच्या मागांनी कान खाल्ले तिचे." तो वळसा घालून आईसमोर गेला आणि साध्याच आवाजात म्हणाला, "चहा टाकू?"

"अर्धाच," काकू म्हणाल्या. चरित्रवालीकडे त्यांनी पाहिलंही नाही. एरवी "आलात? बसा, बसा" करून जीव नकोसा करणारी बाई.

चरित्रवाली खाली उतरली आणि जिन्याच्या पायरीवरच बसली. मशीन काढलं, कानात इयरफोन घातले आणि कालचं लावलं. बसवेना म्हणून उठली, उभं राहवेना म्हणून बसली.

रस्ता फोडल्याची घरघर. त्यावर फोरमनचा आवाज, स्पष्ट: "विडी माझी होती. कट्ट्यावर ठेवली आणि विसरलो." मग खुर्ची सरकल्याचा आवाज. बोलणं जड व्हायला लागलं की फोरमन नेहमी हेच करायचे. उठून भिंतीतल्या कपाटाशी जायचे आणि कपाळ त्याच्या दाराला टेकून बोलायचे. आवाज दबलेला, पण शब्द कळत होते. बराच वेळ तसंच. मग पुन्हा खुर्ची, पुन्हा आवाज स्पष्ट: "सत्काराला काही मी जाणार नाही."

चरित्रवाली ताडकन उठली आणि फळ्यासमोर जाऊन उभी राहिली. हेच तर खटकत होतं! विडी आहे, सत्कार आहे, पण मधलं सगळं गायब. आणि मधलं म्हणजे साधंसुधं नव्हतं. ते ऐकलेल्या कोणीही फळ्यावर असं लिहिलंच नसतं. ते मधलं काय, हे मात्र इथे सांगायचं नाही. तिनं शब्द दिला होता, आपणही थोडा वेळ पाळू.

बरोबर दोन खुर्च्यांच्या आवाजांमधला तुकडा. कोणाला पहिलं कळलं, शेवटचं कळलं, आणि मधलंच तेवढं कळलं नाही?

आणि मग तिला आठवला एक परिच्छेद. फोरमननी पहिल्याच दिवशी हसत हसत सांगितलेला. मजेशीर आहे, पण मुद्द्याचा नाही, म्हणून तिनंच तो गाळला होता.

"अशी कशी गं मी!" ती स्वतःशीच म्हणाली, आणि दोन-दोन पायऱ्या चढत वर गेली.

"फोरमन, मी आत पाय टाकत नाही. तुम्ही फक्त दार उघडा. कोणी लिहिलं ते कळलंय मला."

बऱ्याच वेळानं कडी वाजली. एका दिवसात माणूस म्हातारा झाला होता. मुलीला चरित्रवालीनं समोर पाठवलं होतं. तीही चुलतभावाला आणि काकूंना घेऊन आली. फोरमन परत खुर्चीत जाऊन बसले, कोणाकडेच बघेनात. चरित्रवाली उंबऱ्याबाहेरच राहिली.

"माझ्या मशीनला कोणी हात लावला नाही," चरित्रवाली बोलायला लागली. "तसं असतं तर चोराला सगळंच ऐकू आलं असतं. दाराशी कोणी ऐकलं म्हणावं, तर त्या घरघरीत ते शक्यच नव्हतं. फळ्यावर सुरुवात आहे, शेवट आहे, मधलं नाही. मधलं बोलताना फोरमन कपाटाकडे तोंड करून उभे होते. खिडकीकडे पाठ करून."

"मग?" मुलगी म्हणाली.

"मग काय! ज्यानं लिहिलं त्यानं ऐकलंच नाही. त्यानं पाहिलं. फोरमन, तुम्हीच सांगितलंत मला. मिलच्या मागखात्यात विणायच्या यंत्रांचा इतका खडखडाट की आपलं बोललेलं आपल्याला ऐकू यायचं नाही. मी विचारलं, मग बायका दिवसभर गप्प? तुम्ही म्हणालात, छे, सगळ्या गावच्या भानगडी तिथेच कळायच्या! या मागावरची नुसते ओठ हलवायची आणि त्या टोकाची पोट धरून हसायची."

फोरमनची मान हळूहळू वर आली.

"आवाज बंद करून मालिका बघायची आणि नेमक्या जागी हसायचं," चरित्रवाली म्हणाली. "आणि गुलाबी खडू. शाळेचा नाही तो, शिंप्याचा. कापडावर खूण करायची चपटी वडी. काकू..."

काकू तिच्या तोंडाकडेच बघत होत्या. त्यांनी एकही शब्द सोडला नव्हता.

"मीच लिहिलं," त्या म्हणाल्या. कानानं अधू माणसं बोलतात तसा मोठा आवाज. "रात्री डोळ्याला डोळा लागला नाही. उजाडायच्या आत उतरले आणि लिहिलं. वाईट वाटत नाही मला! त्या एका विडीवरून मी नवऱ्याला वर्षभर टोचून टोचून खाल्लं हो. घर बुडवलंत म्हणून. शेवटच्या दिवशीसुद्धा बोलले. आणि विडी यांची होती! यांच्या हातचं जेवले मी इतकी वर्षं!"

"आई," मुलगा पुढे झाला, पण तिनं त्याचा हात झटकला.

"काकू, मधलं राहिलंय," चरित्रवाली म्हणाली. "ते मला सांगता येत नाही. ते यांचं आहे."

फोरमन उठले. सवयीनं कपाटाकडे वळले आणि कपाळ टेकणार, एवढ्यात चरित्रवालीनं, परवानगी न घेताच, सरळ आत येऊन त्यांचे खांदे धरले. त्यांना वळवलं. काकूंच्या समोर.

फोरमनचे ओठ हलले. आवाज मात्र आला नाही. अख्खं आयुष्य मिलमध्ये काढलेला माणूस मिलसारखाच बोलत होता. मुलगी आणि चुलतभाऊ एकमेकांकडे बघत राहिले. चरित्रवालीला मात्र शब्द पाठ होते.

"कबूल करायला मी साहेबाच्या दारापर्यंत गेलो होतो, वहिनी. दादानं दंड धरून मागे ओढलं. म्हणाला, माझी छाती पोखरलीय, डॉक्टरनं वर्षाची मुदत दिलीय. माझी नोकरी जायचीच आहे. तुझी राहू दे आणि माझी माणसं सांभाळ. तिला कळू देऊ नकोस. कळलं तर ती तुझ्या हातचा घास घ्यायची नाही. ती माझ्यावर रागावलेली मला चालेल, माझ्या माघारी उपाशी राहिलेली नाही चालणार."

काकू खाली बसल्या. पदर तोंडाशी नेला, पण डोळे फोरमनच्या ओठांवरून काढले नाहीत.

"ते हसायचे," त्या म्हणाल्या. "मी बोलत सुटले की ते हसायचे. मला वाटायचं, किती निलाजरा माणूस." मग त्यांना रडू आवरेना.

बऱ्याच वेळानं त्या उठल्या. "पुसून येते फळा."

"पुसू नका," फोरमन आता आवाजात म्हणाले. "खोटं काय आहे त्यात?"

"अर्धं आहे."

"मग पुरं करा."

मुलीनं चरित्रवालीला जिन्यापर्यंत पोचवलं आणि दोन्ही हात धरून म्हणाली, "ताई, मी तुम्हाला नाही नाही ते बोलले." चरित्रवालीनं तिचे हात थोपटले आणि जिना उतरली. घरी जाऊन तिनं आधी तो गाळलेला परिच्छेद परत घातला.

दुसऱ्या दिवशी सकाळी फळ्यासमोर निम्मी बिल्डिंग जमली होती. जुन्या मजकुराला कोणी हात लावला नव्हता. त्याखाली त्याच गुलाबी खडूनं लिहिलं होतं: "नोकरी त्यांनी आपणहून दिली, धाकट्या भावासाठी आणि आमच्यासाठी. आजारी होते, मला सांगितलं नाही. भाऊजींनी शब्द पाळला. मी त्यांना उगाच बोलले."

फोरमन दुधाची पिशवी घेऊन सगळ्यांच्या मागे उभे राहून वाचत होते. काकू जिना उतरून आल्या.

"वाचून झालं असेल तर वर चला भाऊजी, चहा टाकलाय. आणि रविवारचा काय तो सदरा आणून द्या, बटणं तपासून ठेवते."

फोरमन आधी पूर्ण वळले, त्यांच्याकडे तोंड केलं, आणि मग म्हणाले, "आलो, वहिनी."