एकोणीस मिनिटांची आढी

नेरूळला दोन पेट्या हापूस पोचवायचा, एवढंच ते काम होतं. सत्त्याण्णवचा मे. फळबाजार मुंबईहून वाशीला येऊन जेमतेम वर्ष झालेलं. फोनवर ऑर्डर देणाऱ्या बाईंनी 'कालाभ्यास प्रबोधिनी' असं नाव सांगितलं तेव्हा मला वाटलं, पंचांग काढणारी मंडळी असतील. मागे एका ज्योतिषाने माझ्याकडून नेलेले आंबे परत आणले होते, आत साका, म्हणजे पांढरा निबर गर, निघाला म्हणून. मी म्हटलं, गुरुजी, हे तुम्हाला आधीच दिसायला हवं होतं.

या बाईंची मागणी मात्र वेगळी होती. आंबे कडक हिरवे हवेत, पेंढा हवा, आणि फळ किती दिवसांचं आहे ते हाताने ओळखणारा माणूस हवा. तो माणूस मीच. शाळा चौथीत सुटली, पण आंबा तळव्यावर ठेवला की झाडावरून कधी उतरला ते मी सांगतो. चुकलो तर पेटी फुकट.

टेम्पोत सोबत गंगाराम होता. आमचा हमाल, साताऱ्याकडचा, पंधरा वर्षं माझ्या गाळ्यावर. त्याच्या बायकोला, गोजराला, गावी मुलगी झालेली आणि दुसऱ्या दिवशी बारसं. त्याने पोरीचं तोंडही पाहिलं नव्हतं. संध्याकाळची एसटी मिळेल ना, हे त्याने वाशी ते नेरूळ चार वेळा विचारलं. मी म्हटलं, अरे तासाभराचं काम.

करावे गावाच्या बाजूला, खाडीच्या कडेला एकटाच दुमजली बंगला. दुपारचा एक. रस्त्यावर चिटपाखरू नाही, हवेला खारट चिखलाचा आणि सुकटीचा वास. दारात त्या फोनवरच्या सुमेधाबाई उभ्या. पदार्थविज्ञान शिकवून निवृत्त झालेल्या, अंगाने किरकोळ, बोलणं मोजकं. वर माडीवर एक खोली होती, बिनखिडकीची, जाड सागवानी दाराची. बाईंनी माझ्या पेटीतले सहा आंबे आत ठेवले, दार लावलं आणि घड्याळ बघत बसल्या. अकरा मिनिटांनी आंबे माझ्या हातात दिले.

"सांगा आप्पा, किती दिवसांचे?"

मी एकेक फळ तळव्यावर घेतलं. पिवळेधमक, देठाशी सुरकुती धरलेले. सुगंधाने जिना भरून गेला. अकरा दिवस पेंढ्याच्या आढीत राहिलेलं फळ होतं ते, पैजेवर सांगतो.

"तिथे मिनिटाला एक दिवस जातो," बाई म्हणाल्या. "का, ते आम्हालाही कळलेलं नाही."

खोटं कशाला बोलू, मला आनंदाने घाम फुटला. कार्बाइड नाही, धूर नाही, सकाळी हिरवा माल आत आणि चहा पिऊन होईतो पिकून बाहेर. मी तिथल्या तिथे म्हटलं, बाई, पूर्ण आढी लावून बघू. त्यांनी एकच अट घातली. माणूस आत असताना दार उघडं राहिलं पाहिजे. उघड्या दाराने आतला वेळ बाहेरच्यासारखाच चालतो.

गंगाराम पेट्या, पेंढा आणि गोणपाट भिजवायला दोन बादल्या पाणी घेऊन आत गेला. पेंढ्याचा थर, आंब्यांचा थर, पुन्हा पेंढा. मी उंबऱ्याबाहेरून सांगत होतो. आणि मग माझ्या हाताने ते केलं. तीस वर्षांची सवय हो. आढी लागली की ऊब जाऊ नये म्हणून दार ओढून घ्यायचं. मी बोलता बोलता दार ओढलं.

खटका बसला.

बाईंचा चेहरा पांढरा पडला. किल्ली वॉचमनकडे होती आणि वॉचमन करावे गावात जेवायला गेलेला. बाई तशाच अनवाणी धावल्या. मी हाक मारणार तर जिन्यातून म्हणाल्या, "ओरडू नका. तुमची एक हाक त्याला तासभर ऐकू येईल."

दाराला कान लावला. आतून भुंगा कोंडल्यासारखी गुणगुण येत होती. दार वाजवत होता तो... दिवसचे दिवस. मग गुणगुण थांबली. टेम्पोतून पहार आणली आणि बिजागऱ्यांवर तुटून पडलो. मनात एकच हिशोब, आठ दिवस झाले, बारा झाले, पंधरा झाले. पोरीचं तोंड पाहिलं नाही रे याने. दार निखळलं तेव्हा घड्याळात एकोणीस मिनिटं झाली होती.

गंगाराम भिंतीला टेकून बसलेला. दाढी वाढलेली, गालफडं बसलेली. उजेडाला डोळ्यांवर हात धरला. आंबे त्याने आधी हिरवे खाल्ले, मग पिकलेले, मग सडलेले. पण वेडापिसा नव्हता. उलट शांत होता.

"शेट," तो हळूच म्हणाला, "त्यांनाबी घ्या की भाईर."

"कुणाला?"

"माज्यासंगं आत हुतं ते दुसरं... मला वाटलं तुमीच हाय."

मी आत पाहिलं. पेंढा, रिकाम्या बादल्या. कोणी नव्हतं. पण कोयींचे ढीग दोन होते, खोलीच्या दोन टोकांना. दुसऱ्या ढिगातल्या वरच्या कोयीला अजून ओला रस होता.

"अंधारात दिसत न्हवतं काय," गंगाराम म्हणाला. "पर आवाज तुमचा. बोलनं तुमचं. दिसभर किस्से सांगायचं, म्हनून तर टिकलो."

संध्याकाळची एसटी त्याला मिळाली. बारशाला सासुरवाडीची माणसं दाढी बघून हसली, एवढंच. प्रबोधिनीला पुढच्याच महिन्यात कुलूप लागलं. बाई कुठे गेल्या ते वॉचमनलाही माहीत नव्हतं.

आता यातलं जे कुणाला सांगितलेलं नाही ते सांगतो. बाजारात माझी ख्याती किश्शांची. पण हल्ली मी नवा किस्सा काढला की गंगाराम आधीच हसतो. न्हावा शेव्याच्या कस्टमवाल्याने माझ्याच आंब्यावर मलाच व्याख्यान दिलं, ही गेल्याच महिन्यातली गोष्ट. ती सांगताना मी अर्ध्यावर होतो आणि गंगारामने गोणी उचलता उचलता शेवट सांगून टाकला. घडली तेव्हा तिथे मी एकटा होतो. मी विचारलं, तुला कुणी सांगितलं? म्हणाला, तुमीच की, त्या खोलीत.

परवा गाळ्यावर कोणी नव्हतं. मनाचा हिय्या करून विचारलं, "गंगाराम, तिथे ऐकलेले... अजून किती राहिलेत रे, मी न सांगितलेले?"

तो खाली मान घालून पेंढ्याची जुडी बांधत राहिला.

"दोन," तो म्हणाला. "त्याच्या फुडं सांगायला काय उरलंच न्हाई, असं तिथं तुमीच म्हनला. अन् शेट, ते तुमी सांगाया बसू नगा."