पालथी घातलेली फरशी

बसा, चहा घ्या. त्या फरशीचं विचारता तं सांगतो, पण हसू नोका.

मी भागवत, अमडापूरचा फरशीमिस्त्री. आता सगळ्याईले चकचकीत टाइल्स पाह्यजे. जुनी शहाबादी उखडायची अन् फेकायची. दिवाळीनंतर शालूकाकूच्या घरची मीच उखडली. काकू म्हणे, "भागवत, बाकी फरशी ने तुले. फक्त मधल्या खोलीतली ते लांबवाली राहू दे. तुह्या काकाईले शेवटच्या घटकेले खाटेवरून तिच्यावरच उतरवलं होतं."

"हाव काकू," म्हटलं. पण दगड असा अस्सल होता, बाप्पा! मले मोह सुटला. तोही ट्रॅक्टरमधी टाकला.

माही काजल पहिल्या बाळंतपणाले येणार होती, तिच्यासाठी खोली करून राह्यलो होतो. शहाबादी वरून झिजली का आम्ही पालथी घालतो. खालची बाजू नवीकोरी निंघते. सगळ्या तशाच बसवल्या. ते लांबवालीही.

काजल आली, आठवा महिना. दुपारी गार लागते म्हणून खालीच आडवी व्हायची. तिसऱ्या दिवशी म्हणे, "बाबा, खालून कोणीतरी ठोकते..."

"पोकळ राह्यली असंल, माय."

हातोडीच्या दांड्यानं वाजवून पाह्यलं. पोकळ फरशी बद्द वाजते, भरलेली टणक. हे टणक वाजली. मी दोनदा ठोकलं. खालून दोनदा आलं. हळूच... पाहुणा दार वाजवते तसं.

तवा ध्यानात आलं. काका ज्या बाजूवर टेकले होते, तेच बाजू मी खाली सिमेंटच्या मसाल्यात दाबली होती. भीतीपेक्षा भलतीच लाज वाटली. गेलेल्या माणसाले असं पालथं कोण घालते? अन् त्याच्यावर माही दोन जिवाची पोर.

काजलले खाटेवर बसवलं, फरशी उचकटली. खाली मसाला सपाट होता, बाकी काई नव्हतं. परत नेऊ कुठी? काकूच्या घरी टाइल्स बसल्या होत्या. झिजलेली बाजू वर करून तिथीच बसवली, हात जोडले. "काका, चुकलो."

ठोकणं थांबलं. मले वाटलं, निस्तरलं.

दुसऱ्या दुपारी काजल दोन्ही हात डोक्याखाली घेऊन पुन्हा तिथीच आडवी झाली. मी उंबऱ्यात बसलो होतो.

"आता ठोकत नाही ना, माय?"

"नाही." तिचे डोळे मिटलेले होते. "पण बाबा, बाजूले निजले त्याईले जरासं सरकाले सांगा ना... बाळ हललं का ते माह्या पोटावर हात ठेवतात."