श्राद्धाच्या दुसऱ्या दिवशी

सेउन कोसळली तेव्हा तिच्या तोंडात हारिनने वाढलेला भात होता.

आधी तिने नुसता ओठांना हात लावला. "ताई, जीभ बधिर झाली बघा," म्हणाली आणि हसलीसुद्धा. मग बाकावरून घसरली. हारिनने धावत जाऊन तिला मांडीवर घेतलं. सेउनला भडाभडा उलटी झाली, सगळी हारिनच्या उजव्या बाहीवर. भाताची शितं, गडद हिरव्या पानाचे चोथे, त्यांना चिकटलेले पांढरे ठेचलेले कण. तिळाच्या तेलाचा आणि कच्च्या लसणाचा भपकारा आला.

बोळ एवढा अरुंद, की स्ट्रेचर आणायला तळणीच्या दोन कढया उचलाव्या लागल्या. बाजाराच्या कमानीपाशी पोचेपर्यंत सेउन गेली होती.

"मेली?" पलीकडच्या गाळ्यावरून, रक्त भरलेली आतडी विकणाऱ्या रक्तीवाल्याने ओरडून विचारलं. कुणीतरी मान हलवली. त्याने सुरी पुसली आणि म्हणाला, "मग उद्या बाजार बंद."

कोरियातल्या सोलमे बाजारात लोकांना फिरवून खाऊ घालणं हा हारिनचा धंदा. आजचं गिऱ्हाईक म्हणजे एका बौद्ध मठातल्या चार बायका. त्यांना कांदा, लसूण, मासमच्छी काही चालत नाही. म्हणून हारिनने सगळी फेरी वेगळी आखली होती. वाफवलेल्या पिठाच्या वड्या, लाल भोपळ्याची खीर, आणि शेवटी मॅंग आजीच्या गाळ्यावर मुगाची धिरडी. तिथेच रानभाज्या आणि भात एका परातीत कालवून सगळ्यांना वाढायचा. भाज्या तिने पहाटे स्वतः घेतल्या होत्या. नेहमीच्या दुकानातून नाही, कमानीखाली बसलेल्या एका डोंगरावरच्या म्हातारीकडून. ताज्या दिसल्या म्हणून.

मॅंग आजीने पाहुण्यांचं स्वागत आपल्या पद्धतीने केलं होतं. धिरडं उलथता उलथता उलथण्यानेच सुनेकडे बोट दाखवून म्हणाली, "ही आमची सेउन. नवरा गिळला, ढेकर दिला, आता नातवाला काखोटीला मारून समुद्रापार चाललीय. दुसरा दादला गाठलाय तिकडे. खा हो खा, धिरडी गरम आहेत."

मठातल्या बायका ओशाळून हसल्या होत्या. सेउनने खाली मान घातली. पण ताटल्या उचलताना ती हारिनच्या कानाशी लागली. "तोंडानं बोलतात, पण मन निवळलंय त्यांचं. तुम्ही यायच्या जरा आधी स्वतःच्या हातानं घास भरवला मला. तीन वर्षांत पहिल्यांदा, ताई. मला रडूच आलं."

सासूने पानात गुंडाळून पुढे केलेला घास. त्याला नाही म्हणता येत नाही. अर्धा तोडता येत नाही. तोंड भरून एकदम घ्यायचा आणि हसत गिळायचा.

त्यानंतर सेउन परातीपाशी येऊन बसली. हारिननेच आग्रह केला होता, तूही घे म्हणून.

इन्स्पेक्टर यॉमने चौकशी गाळ्यातच सुरू केली. जाडा, घामट माणूस. बोलताना थंड झालेली धिरडी मोडून खात होता.

"भाजी कोणाकडून घेतली?"

"कमानीखालच्या आजीकडून."

"नाव?"

"माहीत नाही."

"म्हणजे नाव नाही, पत्ता नाही, आणि आता ती जागेवरही नाही. वसंतात दर वर्षी कुणीतरी विषारी बचनागाची कोवळी पानं भाजी म्हणून खुडतं आणि कुणीतरी मरतं. जीभ बधिर, मग उलटी, मग हृदय बंद. डॉक्टर म्हणाला, अगदी तीच लक्षणं."

"मठातल्या बायकांनीही तोच भात खाल्ला. मीही खाल्ला."

"एकच पान असेल. तिच्या वाट्याला आलं." यॉमने बोटं चाटली. "पदरी मूल आहे का तुम्हाला?"

"मुलगी. आठ महिन्यांची."

"अरेरे," तो म्हणाला. पण त्याच्या चेहऱ्यावर अरेरे कुठेच नव्हतं.

हारिनचा फोन वाजला. सासूबाई. घटस्फोटाचा दावा चालू होता आणि मुलगी, सोल, कोणाकडे राहील ते पुढच्या महिन्यात ठरायचं होतं. तोवर कामाच्या दिवशी मुलगी आजीकडे असे.

"बातम्यांत तुमचा बाजार दाखवतायत," सासूबाई म्हणाल्या. आवाजात सणाचा दिवस असल्यासारखा उत्साह. "तूच का गं ती? माणूस मारल्याचा ठपका असलेल्या बाईला कोर्ट मूल देतं का? नाही, मी आपलं विचारतेय. सोलला दूध पाजलंय. तिला आठवण नाही येत तुझी."

हारिनने फोन ठेवला. मी तर नाही ना मारलं हिला? एरवी पहाटे ती एकेक पान उलटून बघायची, आज घाई झाली होती. सोलला रात्री ताप होता. पानं बघितली होती का? बघितली होती. सगळी?

"पुढे," यॉम म्हणाला आणि मॅंग आजीकडे वळला. "सुनेनं त्याआधी काय खाल्लं होतं?"

आजी तव्यामागे ताठ बसली होती. डोळे कोरडे. "काल रात्री नातवाच्या आजोबांचं श्राद्ध झालं. म्हणजे माझ्या नवऱ्याचं. सकाळी त्यातलाच उरलेला प्रसाद आम्ही तिघांनी खाल्ला. मी, ती, नातू. मग ती माझ्यासोबत इथे आली. दिवसभर माझ्या डोळ्यांपुढे होती."

"इथे काही दिलंत?"

"एक घास दिला. रक्तीवाल्यानं पाहिलंय, लपवायचं काय? त्याच प्रसादाच्या डब्यातला. फर्नची देठं, पांढरं मूळ, पालक. बघा ना डबा." तिने डबा सरकवला. तीन खण, तीन रंग, नीट लावलेले. "आम्ही खाल्लं, आम्ही जिवंत. हिच्या परातीतलं खाल्लं, ती मेली. आता मोजा तुम्ही."

"पोरगा कुठे आहे?"

"शाळेत. मी आहे त्याला. आता मीच आहे."

ते शेवटचं वाक्य ती ज्या समाधानाने बोलली, ते हारिनच्या कानात अडकलं.

तिने बाही धुवायला नळाकडे हात नेला. दुर्गंधी सुटली होती. पाणी सोडणार तोच ती थांबली. हिरव्या चोथ्याला चिकटलेले पांढरे कण वाळत आले होते. तिने नाक जवळ नेलं.

मग ती मठातल्या थोरल्या बाईंकडे गेली. "बाई, माझ्या भातात लसूण होता?"

"असता तर आम्ही खाल्ला असता का?" बाई म्हणाल्या. "पहिल्या घासालाच कळतं आम्हाला. तीस वर्षांत तोंडाला लावलेला नाही."

हारिन परत आली. बाही अंगापासून लांब धरून तव्यासमोर बसली. चेहरा पाडला. तो मुद्दाम पाडावा लागला नाही.

"आजी, माझ्यावर एक उपकार करा. त्या डब्यातल्या भाजीत लसूण होता ना?"

"काय?"

"थोडासा. फोडणीला. सगळेच घालतात भाजीत."

मॅंग आजीच्या मानेची शीर ताठ झाली. "श्राद्धाच्या भाजीत लसूण? अगं, तुला माणसांनी वाढवलं की कुत्र्यांनी?"

यॉमने धिरडं खाली ठेवलं.

"चुकून पडला असेल," हारिन हळूच म्हणाली. "वय झालंय तुमचं. एखादी पाकळी हाताला लागलेली असते."

"माझ्या हाताला? बेचाळीस वर्षं मांडतेय मी श्राद्धाचं पान! लसणाच्या वासानं पितर दारातून परत जातात. त्या दिवशी मी घरात तिखटाची बरणीसुद्धा उघडत नाही. सुरी वेगळी, पाट वेगळा. विचार अख्ख्या बाजाराला मॅंगच्या घरचं श्राद्ध कसं असतं!"

"म्हणजे डब्यात कणभरही लसूण नव्हता."

"नव्हता म्हणजे नव्हता! शपथ घेऊ? नवऱ्याच्या नावाची घेऊ?"

"नको," हारिन म्हणाली. "इन्स्पेक्टरसाहेबांनी ऐकलंय."

तिने बाही तव्यावरच्या दिव्याच्या उजेडात धरली.

"हे सेउनच्या पोटातून आलं. पांढरे कण दिसतायत? कच्चा ठेचलेला लसूण. हिरव्या पानाला चोळलेला, तिळाच्या तेलात. माझ्या परातीत लसूण नव्हता. चार साक्षीदार आहेत, आणि त्या मरतील पण लसणाबद्दल खोटं बोलणार नाहीत. श्राद्धाच्या डब्यातही नव्हता. ते यांनी आत्ता सांगितलं. मग लसूण लावलेली ही हिरवी भाजी कुठली?"

यॉम हसला. "बाई, या देशात कुणाच्या पोटात लसूण नसतो? किमची खाल्ली असेल."

"किमचीतला लसूण तिखटात मुरून लाल होतो. हा पांढरा आहे. आणि सेउन सकाळपासून एकाच माणसाच्या नजरेपुढे होती. तेही यांनीच सांगितलंय. तिने तीन गोष्टी खाल्ल्या: घरी प्रसाद, इथे एक घास, मग माझा भात. पहिल्यात आणि तिसऱ्यात लसूण नाही. उरतो घास."

"पण लसूण कशाला घालेल कुणी?"

"कडू पान लपवायला. शिवाय सेउनला शंका आली नसती. घास तोंडात गेल्यावर तो थुंकायची सोयच नाही, सासूच्या हातचा असताना. ती रडली म्हणे, साहेब. आनंदानं." हारिनने आजीकडे बोट केलं. "यांना ठाऊक होतं मी आज रानभाज्या घेऊन येणार. आठवडाभर आधी मीच सांगितलं होतं. दोष माझ्या परातीवर जाईल एवढं बघायचं होतं. सगळं नीट जमलं. फक्त आत्ता एवढंच म्हणायचं होतं, की हो बाई, भाजीत लसूण पडला होता. मी तीनदा वाट करून दिली. पण यांना सून मारता आली, श्राद्ध बाटलं असं म्हणवेना."

तव्यावरचं धिरडं करपत होतं. कुणी उलटलं नाही.

यॉमच्या खुणेवर हवालदाराने गाळा धुंडाळला आणि पिठाच्या पिंपामागे हात घातला. एक छोटा दगडी खल निघाला. त्यात लसणाचा वाळका लगदा, त्यात हिरवे धागे. खालच्या कचऱ्यात कागदात गुंडाळलेली कोवळी पानं होती, शिल्लक राहिलेली.

मॅंग आजीने तिकडे पाहिलंही नाही. ती हारिनकडे बघत होती.

"नातू तिकडे गेला असता तर माझ्या नवऱ्याच्या पानापुढे डोकं कोण टेकणार होतं?" ती शांतपणे म्हणाली. "मुलगा मेला. एकच पोरगा उरला घरात. तो तिकडे परक्या बापाचं आडनाव लावून पाव खात बसला असता. दर वर्षी माझा म्हातारा उपाशी. आणि मी मेले की मीही. तुला काय कळणार? तू पोरगी काढलीस."

"कळतं," हारिन म्हणाली.

"मरताना त्रास झाला का तिला?"

"खूप."

"हं." आजीने एप्रनने तव्याचा कान पुसला. "पोराला शाळेतून आणायला कोण जाणार? साडेतीनला सुटते."

"आज हवालदार जाईल. पुढे सेउनची बहीण," यॉम म्हणाला. आता तो खात नव्हता. "तीही तिकडेच असते. फोन केलाय, निघालीय. पोराला ती घेऊन जाईल. तिकडेच."

आजी पहिल्यांदा हलली. ती तव्यावरून झेपावली, हारिनवर नाही, यॉमवर. त्याची बाही धरून गदागदा हलवू लागली. "तिकडे नाही! तसं नाही! अनाथाश्रमात टाका, पण इथल्या! इथल्या आश्रमात टाका!" दोन हवालदारांनी तिला उचललं. बोळातून नेताना रक्तीवाल्याने रस्ता दिला आणि मागून म्हणाला, "आजी, गाळा कोणाला देऊन चाललीस?"

यॉमने हारिनची बाही कात्रीने कापून पिशवीत घातली. उघडा दंड घेऊन ती बस पकडून सासरच्या इमारतीत गेली. ऊन उतरलं होतं.

सासूबाईंनी दार अर्धंच उघडलं. तिला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "सोडलं?" त्यांच्या चेहऱ्यावर मूल हातून निसटल्याची निराशा होती आणि ती लपवायचे कष्ट त्यांनी घेतले नाहीत.

"सोलला द्या."

"झोपलीय. उद्या ये. आणि अशा अवतारात? शेजारी काय म्हणतील?"

"आई, तिला द्या."

"अगं, एक रात्र पोरगी आजीपाशी राहिली तर काय बिघडलं? मी काय विष घालणार आहे तिला?"

आतून सोल रडायला लागली. आधी कुरकुर, मग टाहो. सासूबाई दारातच उभ्या राहिल्या; ऐकत. त्यांना घाई नव्हती.

हारिनने दार खांद्याने ढकललं आणि पायांतले चिखलाचे बूट तसेच ठेवून आत गेली.

"बूट!" सासूबाई किंचाळल्या. "अगं, बूट!"

पॉलिश केलेल्या जमिनीवर काळे ठसे उमटवत ती पाळण्याकडे चालत राहिली.